टक्क्यांचा दावा : उभी ट्रॉली, फुटलेला गुडघा आणि टोळीबाहेर पडलेला छाटणीवाला

नोव्हेंबर २०२२ चा तिसरा आठवडा. सावळजच्या बाजूला उशिराच्या फळछाटण्या उरकत आलेल्या, आणि कृष्णाकाठावर उसाचं गाळप नुकतंच रंगात आलेलं. तासगाव-भिलवडी रस्ता या दोन पिकांच्या मधून जातो; वरच्या अंगाला द्राक्ष, खाली नदीकडं ऊस. संध्याकाळी साडेसातच्या सुमारास एक छाटणीवाला काम आटोपून मोटारसायकलवरून घरी निघाला होता. समोरून भरलेला ट्रक आला, त्याच्या दिव्यांनी डोळे दिपले, ट्रक बाजूनं निघून गेला आणि अंधारातून एकदम ट्रॉलीचा मागचा भाग समोर उभा राहिला. दोन ट्रॉल्या जोडलेला उसाचा ट्रॅक्टर. मागच्या ट्रॉलीचं चाक पंक्चर, ड्रायव्हर जॅक आणायला गेलेला, चाकाखाली दगड लावलेले. रिफ्लेक्टर नाही, लाल दिवा नाही, मागं साधी बाभळीची फांदीसुद्धा टाकलेली नाही. उजवा पाय ट्रॉलीच्या कोपऱ्यावर आदळला आणि गुडघ्याखालच्या नळीच्या हाडाचा वरचा भाग फुटला.

मी सांगलीत अपघाताचे दावे चालवतो. वरचा माणूस एकच एक नाही. अशा तीन-चार फाइलींतले तपशील मिसळून हे एक प्रकरण उभं केलंय, म्हणून नाव कुणाचंच नाही आणि रकमाही नमुन्याच्या आहेत. कायदा आणि वरच्या कोर्टांचे निकाल मात्र जसेच्या तसे. आमच्या कोर्टात या सगळ्याला ‘क्लेम’ म्हणतात, आणि क्लेममध्ये भांडण असतं ते टक्क्यांचं. चूक कुणाची किती टक्के, पाय किती टक्के गेला, पुढची कमाई किती टक्के वाढली असती. या माणसाच्या फाइलीत तिन्ही टक्क्यांवर जोरदार झगडा झाला.

फिर्याद त्याच्यावरच

तासगावला सरकारी दवाखान्यात पट्टी, तिथून थेट मिरज. प्लेट आणि स्क्रू टाकून ऑपरेशन झालं. तो बेशुद्धीच्या इंजेक्शनखाली असताना ट्रॅक्टरचा ड्रायव्हर पोलीस ठाण्यात पोचला होता. फिर्यादीतली भाषा ठरलेली असते: मोटारसायकलस्वारानं गाडी भरधाव वेगात, हयगयीनं चालवून उभ्या ट्रॉलीस पाठीमागून धडक दिली व स्वतःच्या दुखापतीस कारणीभूत झाला. म्हणजे पाय यानंच मोडून घेतला आणि गुन्हाही याच्यावरच.

मागून धडक दिली म्हटल्यावर निम्मी माणसं इथंच खचतात. खचू नये. क्लेमचं कोर्ट हे फौजदारी कोर्ट नाही. तिथं निःसंशय पुरावा लागत नाही, शक्यतेचं पारडं कुठं झुकतं एवढंच पाहिलं जातं, आणि पोलिसांनी कुणाला आरोपी केलं हे त्या पारड्यातलं एक वजन असतं, सगळं पारडं नव्हे.

पण एक गोष्ट मी त्याला पहिल्याच भेटीत बजावली. लोकअदालतीची नोटीस येईल, कुणीतरी सांगेल की ‘गुन्हा कबूल करा, पाचशे रुपये भरा, कटकट मिटली’. अजिबात भरू नका. ते पाचशे रुपये लाखांना पडतात. कबुलीच्या आदेशाची नक्कल ट्रॅक्टरच्या विमा कंपनीचा वकील पुढच्याच तारखेला क्लेमच्या फाइलीत लावतो, आणि मग ‘चूक माझी नव्हती’ हे सांगायला तोंड उरत नाही. त्यानं कबूल केलं नाही. ती फौजदारी केस अजून तारखांवर आहे.

घटनास्थळाचा पंचनामा दुसऱ्या दिवशी सकाळी झाला. तोवर ट्रॅक्टर हलला होता, ऊस कारखान्यावर उतरला होता. पंचनाम्यात रस्त्याची रुंदी आहे, काचेचे तुकडे आहेत, साइडपट्टीवरच्या काटेरी झुडपांचा उल्लेखसुद्धा आहे. रिफ्लेक्टरबद्दल अवाक्षर नाही.

आम्हाला तारलं एका दूधवाल्यानं. गवळ्याकडून दूध घेऊन जाताना तो थांबला, मदत केली आणि जाता जाता मोबाइलवर दोन फोटो काढले, फ्लॅश मारून. फोटो मी बराच वेळ नुसताच बघत होतो, मग एक गोष्ट लक्षात आली. पडलेल्या मोटारसायकलची नंबरप्लेट फ्लॅशच्या उजेडात पांढरीफटक चमकत होती. त्याच फोटोत, दोन हातांवर असलेला ट्रॉलीचा मागचा फळा काळाकुट्ट. रिफ्लेक्टर असता तर तोही असाच पेटल्यासारखा दिसला असता. ट्रॉलीच्या कडेनं उसाची वाढी, म्हणजे शेंड्याची पानं, लोंबत होती ती वेगळीच. एखादा जुना रिफ्लेक्टर कुठं खाली असलाच तर तोही त्या पानांनी झाकलेला. आणि ट्रॉलीची डावी चाकं साइडपट्टीवर, उजवी डांबरावर.

मोबाइलमधला फोटो खरा आहे अशा अर्थाचं, तेव्हाच्या भारतीय पुरावा कायद्याच्या (तो जुलै २०२४ पर्यंत लागू होता) कलम ६५-ब चं प्रमाणपत्र फोटोबरोबर लागायचं, ते दूधवाल्याच्या सहीनं घेतलं. त्याला साक्षीला आणणं हे प्रमाणपत्रापेक्षा अवघड होतं. पहाटे आणि संध्याकाळी दूध, मधे म्हशी. कोर्टाची वेळ नेमकी त्याच्या झोपेची.

पाच महिने ‘मिटवून घ्या’त गेले

ट्रॅक्टरमालक शेजारच्या गावचा. दोन एकर ऊस, कर्जावर घेतलेला ट्रॅक्टर, हंगामात कारखान्याच्या वाहतुकीचा करार. गावातली चार माणसं मधे पडली. ‘आपलाच माणूस हाय, कोर्टकचेरी कशाला, पन्नास हजार देतो म्हंतोय.’ पन्नासातले वीस आलेही. मग हंगाम संपल्यावर देतो, मग उसाचं बिल निघाल्यावर देतो, असं करता करता एप्रिल उजाडला आणि बायकोनं त्याला रिक्षात घालून माझ्याकडे आणलं. ‘साहेब, ह्यांचा पाय वाकंना झालाय, आणि घरातली म्हैस इकून झाली.’

मी तारीख पाहिली आणि पोटात गोळा आला. मोटार वाहन कायदा १९८८ मध्ये दाव्याला सहा महिन्यांची मुदत होती. १९९४ च्या दुरुस्तीनं ती उठली. अठ्ठावीस वर्षं लोकांना मुदतीची सवयच राहिली नाही. २०१९ ची दुरुस्ती १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली तेव्हा कलम १६६(३) मधून सहा महिने परत आले, आणि ही गोष्ट तालुक्याच्या पारावर पोचायला फार वेळ लागला. पुढे नोव्हेंबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं अंतरिम आदेश देऊन, या तरतुदीच्या वैधतेचा निर्णय होईपर्यंत मुदतीच्या कारणावरून दावे फेटाळू नका असं सांगितलं. २०२३ च्या एप्रिलमध्ये तो दिलासा नव्हता. उन्हाळी सुट्टी लागायच्या आत, मेच्या पहिल्या आठवड्यात आम्ही क्लेम टाकला.

नव्या नियमांप्रमाणे खरं तर पोलिसांनीच अपघाताची पहिली माहिती ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत दाव्याच्या कोर्टाला पाठवायचा, आणि तो अहवालच दाव्याचा अर्ज म्हणून धरला जायचा. आमच्याकडे तो आला क्लेम दाखल झाल्यानंतर, आणि त्यात जखमीच आरोपी.

दरम्यान कंपनीकडून एक सोपा रस्ता पुढं आला होता. कलम १६४ खाली चूक कुणाची हे न पाहता गंभीर दुखापतीला अडीच लाख आणि मृत्यूला पाच लाख मिळतात. हाड मोडणं ही गंभीर दुखापतच. घरात पैसा नाही, हॉस्पिटलचं देणं डोक्यावर. अडीच लाख त्याला फार मोठे वाटले. मी थांबवलं, कारण ती रक्कम स्वीकारली की कलम १६६ चा मोठा दावा तिथंच संपतो. हे सांगताना मलाही बरं वाटत नव्हतं. भुकेल्या माणसाला ताट बाजूला सारायला सांगायचं आणि पुढचं ताट कधी येईल याचा भरवसा द्यायचा नाही, असला तो सल्ला.

चूक किती टक्के

कंपनीची कैफियत अपेक्षेप्रमाणे होती: मागून येणाऱ्यानं अंतर राखायचं असतं, वेग आवरता आला पाहिजे, म्हणून चूक शंभर टक्के अर्जदाराची. हेल्मेट नव्हतं हाही मुद्दा घेतला होता. हेल्मेटचा मुद्दा उलटतपासात एका प्रश्नात पडला. जखम गुडघ्याला आहे, डोक्याला खरचटलेलंही नाही. नियम मोडल्याचा दंड वेगळा, आणि त्या मोडण्यामुळे दुखापत झाली का हा प्रश्न वेगळा.

आमचा मुख्य आधार अर्चित सैनी विरुद्ध ओरिएंटल इन्शुरन्स हा सर्वोच्च न्यायालयाचा २०१८ चा निकाल. तिथं रात्री रस्त्यात कोणताही दिवा किंवा इशारा न लावता उभ्या केलेल्या टँकरवर गाडी आदळली होती, आणि आदळणाऱ्या गाडीच्या चालकाची चूक धरली गेली नाही. आमची ट्रॉली अर्धी डांबरावर, विनादिवा, विनारिफ्लेक्टर. बसतंय असं मला वाटत होतं.

मग अर्जदाराचा उलटतपास झाला. कंपनीचे वकील जुने, शांत माणूस. आवाज न चढवता विचारतात.

‘हा रस्ता तुमचा रोजचा?’

‘होय, रोजचा.’

‘हंगामात ट्रॉल्या रस्त्याच्या कडेला उभ्या असतात, हे ठाऊक होतं?’

‘होय जी, असत्यातच.’

‘ट्रकच्या उजेडानं दिसेनासं झाल्यावर गाडी थांबवली का?’

‘न्हाई. हळू केली.’

तीन प्रश्न, तीन खरी उत्तरं. त्यानं खोटं बोलावं असं मला वाटलं नाही, पण दुसऱ्या उत्तराला माझी पेन्सिल थांबली. निकालात कोर्टानं ट्रॅक्टरच्या ड्रायव्हरची चूक ८० टक्के आणि याची २० टक्के धरली. कारणात लिहिलं की, दिसत नसताना वेग पूर्ण न आवरणं ही थोडी का होईना स्वतःची बेपर्वाई. मला ते आजही पटत नाही. रोज अडथळा असतो हे माहीत असणं म्हणजे अडथळा ठेवणाऱ्याची चूक कमी होणं नव्हे. उद्या सगळ्याच ट्रॉल्या अंधारात उभ्या राहू लागल्या तर चूक कुणाचीच उरणार नाही, असा त्याचा अर्थ होतो.

एक जानेवारी

आता एका अशा कागदाबद्दल सांगतो ज्यावर वकीलही फार वेळ घालवत नाहीत. आधार कार्डावर त्याची जन्मतारीख होती १ जानेवारी १९८१. आपल्या गावांमधे निम्मी माणसं एक जानेवारीला जन्मलेली असतात, किंवा मग एक जूनला. कंपनीनं आधार लावलं आणि अपघाताच्या दिवशीचं वय ४१ काढलं.

बायकोला म्हटलं, शाळेचा दाखला शोधा. जिल्हा परिषदेच्या शाळेतून दाखला निघाला: ३ जून १९८३. म्हणजे वय ३९.

दोन वर्षांनी काय बिघडतं? बरंच बिघडतं. सरला वर्मा या २००९ च्या निकालानं वयाप्रमाणे गुणक, म्हणजे वर्षाच्या कमाईला कितीनं गुणायचं तो आकडा, ठरवून दिलाय: ३६ ते ४० ला १५, ४१ ते ४५ ला १४. आणि २०१७ च्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे स्वतःचा धंदा किंवा बेभरवशाची मजुरी असलेल्याच्या उत्पन्नात पुढच्या वाढीपोटी चाळिशीच्या आत ४० टक्के मिळवायचे, ४० ते ५० मध्ये फक्त २५. हा माणूस नेमका त्या उंबऱ्यावर उभा होता. आधारनं त्याला उंबऱ्याच्या बाहेर ढकललं होतं, शाळेच्या दाखल्यानं आत घेतलं. ऑक्टोबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सरोज विरुद्ध इफ्को टोकियो या अपघाताच्याच प्रकरणात, आधार हा जन्मतारखेचा पुरावा नव्हे, शाळा सोडल्याचा दाखला ग्राह्य, असं सांगितलं. त्यानंतर आमच्या युक्तिवादात या मुद्द्याला पाच मिनिटंही लागली नाहीत. रकमेत फरक पडला दोन लाख पस्तीस हजार दोनशेचा. कसा, ते पुढं आकडे मांडल्यावर दिसेल.

कमाई दाखवायची कशी

छाटणीवाल्याला पगारपत्रक नसतं. आठ-दहा जणांची टोळी, एकरावर उक्तं काम, बागायतदाराकडून उचल, हिशेब मुकादमाच्या वहीत. आम्ही महिना बावीस हजार मागितले आणि वही हजर केली. कंपनीच्या वकिलांनी वही उजेडाकडे धरली. ‘मुकादम, तीन हंगामांच्या नोंदी, शाई एकच?’ मुकादम म्हणाला, ‘साहेब, पेन टिकला.’ कोर्टात हशा पिकला, पण वहीचं वजन गेलं. खरं काय ते मला नंतर कळलं: मूळ वही पावसात भिजली होती, त्यानं क्लेमसाठी पुन्हा उतरवून काढली. भिजलेली आणली असती तर तीच चालली असती. फाटका, डागाळलेला, चुकीच्या शुद्धलेखनाचा मूळ कागद हा स्वच्छ नकलेपेक्षा कायम भारी.

मग कामाला आली मोटारसायकल. गाडी फायनान्सवर घेतलेली, दोन वर्षं हप्ता एकदाही चुकलेला नाही. बायकोच्या बचत गटाचं पासबुकही तसंच. ज्याच्या घरातून दर महिन्याला दोन हप्ते वेळेवर जातात तो महिन्याला सात-आठ हजारांवर जगत नाही, एवढं तरी त्यातून निघतं. कोर्टानं चौदा हजार धरले. बावीस नाहीत, पण बिनपुराव्याच्या मजुराला जे ठोकताळ्यानं देतात त्यापेक्षा बरे.

पाय किती टक्के, माणूस किती टक्के

डॉक्टरांचा दाखला: उजव्या पायाला ४२ टक्के कायमचं अपंगत्व. गुडघा सत्तर अंशांपुढं वाकत नाही, पाय जवळजवळ दोन सेंटिमीटर आखूड. कंपनीचं म्हणणं, हे एका पायाचे टक्के आहेत, सबंध शरीराचे नव्हेत. एक तृतीयांश करा, १४ टक्के धरा.

या वादाचं उत्तर राजकुमार विरुद्ध अजय कुमार या २०१० च्या निकालात आहे. अवयवाचे टक्के वेगळे, शरीराचे वेगळे, आणि कमावण्याच्या ताकदीचे त्याहून वेगळे. भरपाई शेवटच्या टक्क्यांवर ठरते. त्या निकालातलं उदाहरण सोपं आहे: डावा हात गेला तर सुताराची किंवा ड्रायव्हरची कमाई जवळपास सगळीच जाते, सरकारी कारकुनाची नोकरी मात्र टिकू शकते. हात तोच, टक्के तेच, नुकसान निराळं. म्हणून कोर्टानं आधी पाहायचं की हा माणूस काम काय करत होता.

आमचे बहुतेक दावे इथंच मार खातात. अर्जात लिहिलेलं असतं ‘अर्जदार शेतमजुरी करत होता’. बस. शेतमजुरी म्हणजे काय, हे सांगलीच्या कोर्टाला माहीतच असणार असं आपण धरून चालतो. म्हणून आम्ही डॉक्टरांच्या जोडीला एका बागायतदाराला साक्षीला आणलं, आणि त्याच्याकडून फक्त छाटणी समजून घेतली.

त्यानं सांगितलं ते असं. मांडव डोक्याच्या वर, साडेसहा-सात फुटांवर. छाटणीवाला दिवसभर मान मागं टाकून, दोन्ही हात वर धरून उभा. पायाखाली सरीतली ढेकळं, कधी ठिबकचा चिखल. एप्रिलात खरड छाटणी, ऑक्टोबराच्या आसपास फळछाटणी. फळछाटणीत प्रत्येक काडी बघून ती किती डोळ्यांवर (काडीवरच्या कोंबांवर) कापायची हे हात चालता चालता ठरवायचं. चुकलं तर त्या काडीला घडच नाही. कापलं की लगेच डोळ्यांना पेस्ट लावणारे मागं असतात, त्यामुळं थांबता येत नाही. हंगाम थोड्या दिवसांचा, सगळ्या बागा एकदम येतात.

मी विचारलं, ‘पाय अधू असलेला माणूस हे काम सावकाश करू शकेल का?’

बागायतदार म्हणाला, ‘करंल की. पण टोळीत घेणार कोण? उक्त्यात वाटा सारखा असतो. अर्धं काम करणाऱ्याला आख्खा वाटा कोण दील?’

माझ्या मते या सगळ्या दाव्यातलं सर्वांत महत्त्वाचं वाक्य हे. ४२ टक्के पाय गेलेल्या माणसाचं ४२ टक्के काम जात नाही. टोळीतून तो शंभर टक्के जातो. एकटा छाटणीवाला अशी वस्तूच बाजारात नाही.

मग आम्ही शंभर टक्के का मागितले नाहीत? मागितले. पण अर्जदारानं उलटतपासात सांगून टाकलं की सहा महिन्यांपासून तो बेदाण्याच्या एका कोल्ड स्टोअरेजच्या फाटकावर रखवालीला बसतो आणि त्याचे आठ हजार मिळतात. चौदाचे आठ झाले. कोर्टानं याच फरकाकडं पाहून कमाईची ताकद ४० टक्क्यांनी गेली असं धरलं. योगायोगानं आकडा डॉक्टरांच्या आकड्याजवळ आला, पण वाट वेगळी होती. कंपनीच्या वाटेनं गेलो असतो तर १४ वरच थांबलो असतो.

आता हिशेब. चौदा हजारांत ४० टक्के वाढ धरून १९,६००. वर्षाचे २,३५,२००. गुणक १५ लावून ३५,२८,०००. त्याचे ४० टक्के, १४,११,२००. कंपनीचे १४ टक्के धरले असते तर हेच ४,९३,९२० झाले असते. आणि आधारचं वय धरलं असतं, म्हणजे २५ टक्के वाढ आणि १४ चा गुणक, तर ११,७६,०००. जखमी माणूस जिवंत असल्यामुळं मृत्यूच्या दाव्यात करतात तशी स्वतःच्या खर्चाची वजावट यातून होत नाही. काही वेळा ती चुकून केलेली दिसते, तेव्हा निकाल हातात आला की हे आधी तपासावं.

बाकीच्या रकमा भराभर सांगतो. दवाखान्याची बिलं २,८६,००० ची होती, शाबित झाली २,४१,०००. उरलेली कच्च्या चिठ्ठ्यांवरची, बिननंबरची. आठ महिने घरी बसल्याचे १,१२,०००. गाडीभाडं, खुराक आणि सोबतच्या माणसाचे मिळून ४०,०००, प्लेट काढण्याच्या पुढच्या ऑपरेशनला तेवढेच. वेदनांपोटी ७५,००० आणि जगण्यातल्या सुखांना मुकल्यापोटी ६०,०००. या शेवटच्या सदरात काय मोडतं हे त्याला विचारलं होतं. तो म्हणाला, ‘जमिनीवर मांडी घालून जेवता येत न्हाई. पंगतीला गेलो की खुर्ची मागावी लागती, म्हातारी माणसं खाली बसल्याली असत्यात.’ ते वाक्य शपथपत्रात जसंच्या तसं घातलं.

एकूण १९,७९,२००. त्यातून त्याच्या २० टक्के चुकीचे ३,९५,८४० गेले. राहिले १५,८३,३६०, अर्ज केल्यापासून साडेसात टक्के व्याजानं. पुढच्या ऑपरेशनच्या रकमेवर व्याज नाही. मधे एकदा लोकअदालतीत कंपनीनं साडेपाच लाखांत मिटवायची तयारी दाखवली होती. तिथला निवाडा अंतिम असतो, अपील नाही, आणि तेव्हा बागायतदाराची साक्ष व्हायची होती. आम्ही उठून आलो. त्या रात्री मला झोप लागली नव्हती हेही खरं.

आणखी एक टक्का आहे, ज्याचा निकालात उल्लेख नसतो: वकिलाचा. मिळेल त्यातले इतके टक्के, असा करार करायला बार कौन्सिलच्या नियमांनी बंदी आहे. दवाखान्याच्या दारात कार्ड घेऊन उभी राहणारी मंडळी हे सांगत नाहीत.

आधी भरा, मग वसूल करा

कंपनीचा शेवटचा बचाव ट्रॉलीचा होता. विमा ट्रॅक्टरचा, तोही शेतीकामापुरता. ट्रॉल्यांचा विमाच नाही, आणि ऊस दुसऱ्याचा, भाड्यानं चाललेला. ड्रायव्हरच्या लायसन्सचाही प्रश्न काढला, पण तो टिकला नाही. ट्रॅक्टरचं लायसन्स असलेल्यानं मागं ट्रॉली जोडली म्हणून ते रद्द होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं नागशेट्टी प्रकरणात २००१ मध्येच सांगितलंय. वापराच्या अटीचा भंग मात्र कोर्टानं मान्य केला. आदेश झाला: कंपनीनं रक्कम आधी अर्जदाराला द्यावी, मग ट्रॅक्टरमालकाकडून वसूल करावी.

जखमी माणसाच्या बाजूनं हा आदेश उत्तम. पण त्या दिवशी ट्रॅक्टरमालक कोर्टाच्या आवारात चिंचेखाली बसला होता आणि त्याच्या वकिलानं त्याला ‘वसूल’ या शब्दाचा अर्थ समजावून सांगितला होता. ट्रॅक्टरचं कर्ज अजून फिटायचंय. दोन ट्रॉल्यांचा विमा उतरवायला जो खर्च आला असता तो या रकमेपुढं किरकोळ, आणि दोन रिफ्लेक्टर पट्ट्यांचा तर हिशेबच नको. माझा पक्षकार त्याच्याकडं लंगडत गेला. दोघं काय बोलले ते मी ऐकलं नाही. परत आल्यावर एवढंच म्हणाला, ‘त्यानं दिलेलं वीस हजार कापून घ्यायला सांगा कंपनीला.’ मी म्हटलं, तसं होत नसतं, ती तुमची दोघांची देवघेव. तो म्हणाला, ‘मग मीच देतो माघारी.’

निकाल सप्टेंबर २०२५ चा. व्याज धरून रक्कम साडेअठरा लाखांच्या आसपास जाते. अपिलाला नव्वद दिवस असतात, आणि कंपनीनं ते शेवटच्या आठवड्यात केलं; मुख्य हरकत ४० टक्क्यांवर. आम्हीही २० टक्क्यांच्या चुकीविरुद्ध उलट हरकत घेतोय. फोनवर त्याला हे सांगितलं तेव्हा त्याचा पहिला प्रश्न होता, ‘म्हंजे मुंबईला?’

नाही म्हटलं. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापूरला बसतंय, सांगली-साताऱ्याची अपिलं आता तिथं. तुम्हाला यायची गरजही नाही, वकील असतात.

‘तरी एकदा यीन म्हंतो,’ तो म्हणाला. मग थोडं थांबून, ‘तिथं जिना किती हाय?’